दोघांत एक नाव

कुचिंग
१२ फेब्रुवारी १९७९

दादा,

गुडघा कसा आहे? मागच्या पत्रात तू तीन पानं गुडघ्यावर लिहिलीस आणि शेवटी "बाकी ठीक" म्हणालास, म्हणून मीही काळजी केली नाही.

ऑगस्टात मला पासष्ट पूर्ण होतात. मग बिशपचं काम संपलं. इथल्या मंडळींनी माझ्या आयुष्यावर एक लहानसं पुस्तक छापायचं काढलंय. लिहिणार आहेत मिसेस चाँग, आमच्या शाळेतल्या जुन्या बाई. फार चिवट. काल मला म्हणाल्या, "बिशपसाहेब, तुम्ही डीकन कधी झालात, पाद्री कधी झालात, जपान्यांच्या काळात प्रभुभोजनाचा प्याला भाताच्या कणगीत कसा लपवलात, नदीच्या वरच्या अंगाला नऊ प्रार्थनाघरं कशी उभी केलीत, सगळं कागदावर सापडलं. पण सात वर्षांच्या आधीचे तुम्ही कुठेच नाही. जन्मला होतात ना?"

मिशनच्या जुन्या वहीत एवढंच आहे: "जराऊ, वय अंदाजे सात. थोरला भाऊ उंचात याच्यासह आला. सोबतचा मुलगा मुनान भरतीच्या लाटेत बुडाला. जून १९२१." पुढे पाद्रीसाहेबांची सही.

त्या दिवसाचं मला काही आठवत नाही. महिनाभर तापात होतो म्हणतात. तू तेव्हा बारा वर्षांचा होतास. जे आठवेल ते लिही. शुद्धलेखनाची काळजी करू नकोस, मिसेस चाँग सगळ्यांचंच दुरुस्त करतात, माझंही.

तुझा
जराऊ

---

लांबघर, नदीचा वरचा भाग
३ मार्च

जराऊ, भाऊ,

पत्र पोचलं. चष्म्याची एक काडी मोडलीय, दोऱ्याने कानाला बांधून लिहितोय. प्रार्थनाघराच्या घंटेचा दोर उंदरांनी कुरतडला. रविवारी मी ओढला आणि दोर माझ्यासकट खाली आला. पोरं हसली. त्यांना हसायला काय लागतं? तुझ्या उंच टोपीलाही हसतात, बिशप टोपी घालून उभा राहिला की धनेश पक्षी दिसतो म्हणतात.

लहानपणाचं काय लिहू? सगळ्यांचं असतं तसंच तुझं. मासे धरलेस, झाडावरून पडलास. बाईंना हेच सांग.

इथे माझ्या जिवाला दुसराच घोर लागलाय. जूनमध्ये मेलेल्यांचा सण करायचं ठरलंय, गवाई अंतू. मंडळीचा पाद्री म्हणतो, आधी प्रार्थना होणार असेल तर करा. शेजारची लुलोंग आणि तिच्या सुना ओसरीवर टोपल्या विणायला बसल्यात. एका नावाला एक टोपली. नावं मी सांगायची, कारण पंचेचाळीस वर्षांपूर्वीचा सण आठवणारा मीच उरलोय. सत्तर वर्षांच्या माणसाला आज काय जेवला ते आठवत नाही, आणि हे विचारतात कोण कोण मेलं. एक राहिला तर? सणाला ज्याला हाक मारली नाही तो तसाच बाहेर राहतो.

मी एकतीस नावं दिली. परवा बघतो तर बत्तीसावी टोपली विणून होत आलेली. लहान, मुलाला विणतात तेवढी.

मी म्हटलं, "लुलोंग, ही कुणाची?"

"तुम्ही सांगा. मी विणणारी, मला काय माहीत?"

"मी नाव दिलंच नाही."

"स्वप्नात पोरगं आलं होतं," ती म्हणाली, हात न थांबवता. "सहा-सात वर्षांचं, नखशिखांत भिजलेलं. म्हणालं, माझी पण विण. मी म्हटलं, नाव सांग रे. तर म्हणतं, नाव दादाला विचार."

"कुठल्या दादाला?"

"अहो, या लांबघरात एका छपराखाली वीस कुटुंबं, सगळेच कुणाचे तरी दादा. घाम कशाला पुसताय?"

मी उठून आलो. त्या दिवसापासून ओसरीच्या त्या टोकाला जात नाही.

सणाला तू येऊ नकोस. धक्का मोडलाय, नदीही चढलीय. बिशपने अशा सणाला बसलेलं तुझ्या लोकांनाही आवडायचं नाही.

उंचात

---

कुचिंग
२० मार्च

दादा,

गेली तीस वर्षं तू प्रत्येक पत्रात "कधी येतोस" विचारतोस. या वेळी पहिल्यांदा "येऊ नकोस" आलं. आणि नदी मार्चमध्ये चढत नाही.

तुझ्या लुलोंगचं स्वप्न मी तीनदा वाचलं. आता मी तुला एक सांगतो. हे मिसेस चाँगना सांगितलेलं नाही, कुणालाच नाही.

आठव्या वर्षी माझा बाप्तिस्मा झाला. पाद्रीसाहेबांनी नाव विचारलं आणि तू पुढे होऊन "जराऊ" म्हणालास. मी तोंड उघडण्याआधी माझ्या मागून कुणीतरी "हो" म्हटलं. लहान मुलाचा आवाज. मला वाटलं, दगडी भिंतीचा प्रतिध्वनी असेल. डीकन होताना नाव पुकारलं, तेव्हाही तेच. पाद्री होताना तेच, आणि तेव्हा तर प्रार्थनाघर लाकडाचं होतं. मी वाढत गेलो, दादा. तो आवाज तेवढाच राहिला.

बिशप झालो त्या दिवशी बाराशे माणसं होती. वचन विचारलं गेलं आणि माझ्याआधी उत्तर आलं. कुणाला ऐकू गेलं नसावं असं मी धरून चाललो. नंतर चहाच्या वेळी म्हाताऱ्या आर्चबिशपांनी मला बाजूला घेऊन विचारलं, "तुमच्याबरोबर ते मूल कुणाचं होतं?"

गेल्या वर्षी वरच्या एका वस्तीत मुलांच्या डोक्यांवर हात ठेवून आशीर्वाद देत होतो. ओळ संपली आणि माझा हात आणखी एका डोक्यावर टेकला. केस ओले होते. खाली बघितलं तर समोर कुणी नव्हतं. तळहातावर नदीचा गाळ होता. मी तो झग्याला पुसला आणि पुढची प्रार्थना म्हटली.

मला वाटतं तो मुनान असावा. बिचाऱ्याच्या बदल्यात मी वाचलो. लुलोंगला त्याचं नाव सांग आणि टोपली पुरी होऊ दे. मी बिशप आहे म्हणून तू भीत असशील, तर भिऊ नकोस. एका पोराला हाक मारल्याने देव रागावणार नाही.

जराऊ

---

लांबघर
९ एप्रिल

जराऊ,

तुझं पत्र मी चुलीत घातलं. माझी पत्रंही जाळ. असल्या गोष्टी कागदावर लिहीत जाऊ नकोस.

मुनानचं नाव देता येत नाही. त्याची टोपली १९३४च्या सणातच झाली. दिमाह आजीने, त्याच्या आजीने, डोळे गेलेले असताना बोटांनी चाचपून विणली होती. त्याला हाक मारली, जेवू घातलं, निरोप दिला. टेकडीवरच्या दफनभूमीत त्याच्या नावाची लहानशी लाकडी झोपडीही आहे. गेलेल्याला दुसऱ्यांदा बोलावत नाहीत.

म्हणून तो आवाज मुनानचा नाही. तुझ्या कानात मळ झाला असेल. कोमट तेल घाल.



उंचात

---

कुचिंग
१७ एप्रिल

दादा,

आर्चबिशपांच्या कानातही मळ होता का?

मुनान नाही, तर मग कोण? लाटेत दोघंच लहान होते.

जराऊ

---

लांबघर
२२ मे

भाऊ,

महिना झाला. सात वेळा लिहायला बसलो आणि सातही कागद फाडले. शाळेत मी तीनच वर्षं टिकलो, मला नीट सांगता येत नाही. पण लुलोंग आता रोज विचारते. "ते पोरगं पुन्हा आलं होतं," म्हणते. "या खेपेला ओसरीवर बसलं होतं, तुमच्या दाराशी. त्याचे कान तुमच्यासारखे आहेत हो, बाहेर आलेले." मी तिच्यावर ओरडलो. ती म्हणाली, "ओरडून मेलेले जात नाहीत, जेवून जातात."

तर ऐक.

मिशनच्या शाळेला जाणाऱ्या होडीत आम्ही चौघं होतो. होडीवाला, मी, माझा भाऊ जराऊ आणि आमचा चुलतभाऊ मुनान. मुनानला आईबाप नव्हते, आजीच होती. दोघं पोरं एका वयाची, एका चणीची. नदीमुखाशी भरतीची लाट उलटी चढून आली आणि होडी पालथी झाली. माझ्या एका हातात जराऊ होता, दुसऱ्यात मुनान. एक हात सुटला. मी सोडला की सुटला, हे मी आयुष्यभर स्वतःला विचारलंय. मला कळत नाही.

मिशनच्या धक्क्यावर पाद्रीसाहेबांनी विचारलं, "हा कोण?" आपल्यात कुणी स्वतःचं नाव सांगत नाही, सोबतचा सांगतो. ते त्यांना माहीत होतं, म्हणून त्यांनी मला विचारलं. निघताना आईने माझ्या दंडाला धरून म्हटलं होतं, "जराऊला परत आणलं नाहीस तर तूही येऊ नकोस."

मी म्हटलं, "हा माझा भाऊ. जराऊ."

त्यांनी लिहून घेतलं. त्या वहीत आहे ते माझं वाक्य.

तुला ताप होता. शुद्ध आली तेव्हा तू म्हणालास, "मी मुनान." मी म्हटलं, "मुनान बुडाला. तुला ताप आहे. तू जराऊ." तू रडलास. मी पुन्हा सांगितलं. मग रोज सांगत राहिलो. आजारी पोराचं नाव बदलतात, म्हणजे दुखणं त्याला शोधत येतं आणि घर चुकतं. हे तर सगळेच करतात. मीही तेच केलं असं मनाशी म्हणायचो. पण नाव बदलताना कुणी मेलेल्याचं देत नाही.

तीन वर्षांनी आपण घरी आलो. दिमाह आजीला दिसत नव्हतं. तुझा आवाज ऐकून तिने मान वळवली आणि विचारलं, "हे कोण बोललं?" सगळे म्हणाले, जराऊ. ती तशीच बसून राहिली. आईने मात्र तुझा चेहरा दोन्ही हातांत धरला, बराच वेळ. मग तुला भात वाढला. तिने ओळखलं होतं. माझ्याशी कधी एक शब्द बोलली नाही, पण मरेपर्यंत तिने तुला एकदाही नावाने हाक मारली नाही. "बाळा" म्हणायची. मला "उंचात" म्हणायची, आणि तेही माझ्याकडे न बघता.

माझ्या सख्ख्या भावासाठी कुणी रडलं नाही. तो मेला हेच कुणाला माहीत नाही. आता लुलोंगला मी काय नाव सांगू? "जराऊ" म्हटलं तर सगळे म्हणतील, जिवंत बिशपची टोपली कशी विणायची? आणि नाही सांगितलं, तर मी या सालात मेलो की त्याला ओळखणारं कुणी उरणार नाही.

मला शिव्या दे. पण उत्तर दे.

उंचात

---

कुचिंग
१ जून

दादा,

मला माहीत होतं.

ताप उतरला तेव्हा नव्हतं माहीत. तेव्हा तू सांगितलंस ते मी मानलं. कळलं ते आईने चेहरा धरला तेव्हा. तिचे हात मला परके वाटले आणि दूर बसलेल्या म्हातारीच्या तंबाखूचा वास ओळखीचा वाटला. दहा वर्षांचा होतो. उठून आजीजवळ जाता आलं असतं. पण मला आई हवी होती. मी भात खाल्ला.

तू एकदा खोटं बोललास. मी रोज गप्प बसलो.

मिसेस चाँगना मी सांगितलं, पुस्तक थांबवा. त्या म्हणाल्या, "अर्धं छापून झालंय!" मी म्हटलं, अर्धंच खरं आहे. चाळीस वर्षं लोकांच्या पोरांना नावं दिली, दादा. पाद्री केले, लग्नं लावली, मेलेल्यांना मातीत ठेवताना त्यांचं नाव घेतलं. देवापुढे वचन दिलं ते त्याच्या नावाने, गुडघे टेकले ते माझे. यातलं माझं काय आणि त्याचं काय, हे मला सांगता येत नाही. ज्याने दर वेळी माझ्याआधी "हो" म्हटलं तो चोर नव्हता. आपल्या नावाला ओ देत होता.

लुलोंगला नाव सांग. जराऊ, उंचातचा धाकटा भाऊ, वय सात. लोकांना काय म्हणायचं ते म्हणू देत. मी येतोय. हाक मी मारेन, आणि त्याच्या टोपलीतल्या नळीतली तांदळाची दारू, तो तुवाकही मी पिईन, कारण त्याचा सगळ्यात जास्त उपयोग मी करून घेतला.

तुझा

---

लांबघर
१० जून

भाऊ,

खाली तू सही केली नाहीस. माझ्या लक्षात आलं.

टोपली पुरी झाली. लांबघराच्या मुखियाला मी सगळं सांगितलं. त्याने माझ्या हातात पाण्याचा पेला दिला. लुलोंग म्हणाली, "इतक्या वर्षांत एवढंसं सांगता आलं नाही, आणि तुम्हाला आम्ही घंटा वाजवायला ठेवलं!"

पण मला दुसरी भीती आहे, आणि मी ती सांगणारच. सणाला आलेला मेलेला जेवतो आणि जातो, तो कायमचा. जाताना जे त्याचं ते सगळं घेऊन जातो, मागे काही ठेवत नाही. मुनान हे नाव १९३४मध्ये गेलं. आता जराऊही गेलं, तर तू कुठल्या नावाने उरशील? तुझं सगळं आयुष्य त्या नावावर आहे. मी तुला एकदा पाण्यातून ओढलं. दुसऱ्यांदा मला ओढता येणार नाही, दंडात जोर नाही.

अजूनही सांगतो. येऊ नकोस. हाक मी मारतो.

उंचात

---

लांबघर
२ जुलै

भाऊ,

तू माझ्यासमोर चटईवर बसलायस आणि मी तुलाच पत्र लिहितोय. ज्याला हे वाचता यायचं तो आता इथे नाही, म्हणून.

जसं झालं तसं लिहितो. कुणाला तरी लिहून ठेवायलाच हवं.

तू साध्या पांढऱ्या सदऱ्यात आलास. बोटात अंगठी नव्हती. पोरांनी विचारलं, "धनेशाची टोपी कुठाय?" तू म्हणालास, "आज ती घालणारा दुसरा आहे." पोरं हसली. मला हसू आलं नाही.

सूर्य कलल्यावर शिडीच्या तोंडाशी उभं राहून आम्ही नावं घेतली. एकतीस मी घेतली. मग तू पुढे झालास आणि नदीकडे तोंड करून मोठ्याने म्हणालास, "जराऊ, उंचातचा भाऊ, वर ये. जेवायला ये." शिडीची खालची पायरी करकरली. मग तिच्या वरची. सगळ्यांनी ऐकलं. कुणी मागे सरलं नाही, लुलोंगने फक्त चटई पुढे सरकवली. तू लहान टोपलीतला तुवाक एका दमात प्यायलास, तोंड पुसलंस आणि माझ्याकडे बघून म्हणालास, "दादा, फार हलकं वाटतंय."

ते तुझं शेवटचं वाक्य होतं. म्हणजे तुझं, बिशपचं.

उजाडलं तेव्हा दिमाह आजीचं दार जिथे होतं तिथे तू मांडी घालून बसला होतास. तिथे आता दुसरं कुटुंब राहतं. मला म्हणालास, "उंचात, आजी कुठे गेली?"

मी म्हटलं, "थट्टा करू नकोस."

"तिने मला डोकं विंचरून देते म्हटलं होतं. आज शाळेची होडी जाणार ना?"

मी प्रार्थनेचं पुस्तक आणून तुझ्या हातात दिलं. तू ते उलटं धरलंस आणि पानांचा वास घेतलास. दवाखान्याचा डॉक्टर म्हणतो, डोक्यातली शीर फुटली असेल, या वयात होतं. कुचिंगहून दोन पाद्री आलेत. त्यांनी "बिशपसाहेब, बिशपसाहेब" म्हणून हाका मारल्या. तू माझ्या पाठीमागे लपलास आणि मला हळूच विचारलंस, "हे कुणाला बोलावतायत?" त्यातला एक तूच पाद्री केलेला आहे. तो तोंड फिरवून रडला. उद्या ते तुला घेऊन जाणार. मी अडवणार नाही, माझा तो हक्क नाही. तू माझा भाऊ नाहीस, हे मीच सगळ्यांना सांगितलं.

दोन दिवस तू एकच विचारत होतास. "जराऊ कुठाय?" मी म्हटलं, मासे धरायला गेलाय. मी म्हटलं, झोपलाय. पुन्हा तेच, बघ. या वयात, एवढं सगळं झाल्यावर, पहिलं जे तोंडात आलं ते खोटंच.

आज दुपारी तू परत विचारलंस. ओसरीवर दुसरं कुणी नव्हतं. मी तुझ्यासमोर बसलो.

मी म्हटलं, "मुनान, जराऊ बुडाला. माझ्या हातातून सुटला."

मग तुझं तोंड वाकडं झालं आणि तू रडायला लागलास, पोर रडतं तसा, नाक न पुसता, आवाज न आवरता. अठ्ठावन्न वर्षांत या घरात जराऊसाठी पहिल्यांदा कुणी रडलं. मग मलाही रडता आलं.

बऱ्याच वेळाने तू विचारलंस, "आईला सांगितलंस?"

मी म्हटलं, "नाही. भीती वाटते."

"मी येतो ना तुझ्याबरोबर," तू म्हणालास.

आता तू उठून उभा राहिलायस. शिडीकडच्या दारात उभा आहेस, हात पुढे करून, आणि चल म्हणतोयस. टेकडीवरची वाट तुला ठाऊक नाही. आई तिथे मातीत आहे हे तुला कुणी सांगितलेलं नाही. तरी तू तिकडेच बघतोयस.

चष्मा काढून ठेवतो. येतो.

उंचात